वेराग्वाचा ड्यूक : मोडलेल्या कराराच्या भरपाईतून आलेला किताब

प्रश्न असा आहे की, कोलंबसाच्या वंशजांकडे आजही असलेला 'वेराग्वाचा ड्यूक' हा स्पॅनिश किताब त्यांना नेमका कशाबद्दल मिळाला, तो पाच शतके कसा टिकला आणि आज कायद्याच्या दृष्टीने त्याचा अर्थ काय. स्पेनमधल्या कॅस्टिल या राज्याच्या सरदार घराण्यांच्या वारसा-खटल्यांची कागदपत्रे वाचण्यात माझी बरीच वर्षे गेली आहेत. त्या वाचनातून झालेले माझे ठाम मत आधीच सांगतो. अमेरिकेच्या शोधाबद्दल राजाने खूश होऊन दिलेले बक्षीस, अशी या किताबाची जी ओळख सर्वत्र करून दिली जाते, ती चुकीची आहे. हा किताब एका प्रदीर्घ दाव्यातील तडजोडीचा भाग म्हणून आला, आणि पुढेही तो मुख्यतः न्यायालयांच्या निवाड्यांवरच एका शाखेकडून दुसऱ्या शाखेकडे गेला.

सुरुवात १७ एप्रिल १४९२ पासून करावी लागते. ग्रानादाजवळच्या सांता फे या छावणीवजा नगरात राणी इसाबेल आणि राजा फेर्नांदो यांच्या वतीने सचिव हुआन दे कोलोमा याने कोलंबसाच्या मागण्यांचा मसुदा मंजूर केला. कोलंबसाच्या बाजूने बोलणी फ्राय हुआन पेरेस या धर्मगुरूने केली होती. जी बेटे आणि जी मुख्यभूमी सापडेल तिचा तो आजन्म अॅडमिरल राहील आणि त्याच्यामागे हे पद त्याच्या वारसांकडे जाईल; तो तेथील व्हाइसरॉय आणि गव्हर्नर असेल; मोती, रत्ने, सोने, चांदी, मसाले अशा ज्या वस्तू तेथून येतील त्यांतून खर्च वजा जाता उरणाऱ्या उत्पन्नाचा दहावा हिस्सा त्याचा असेल; आणि जहाजांच्या खर्चाचा आठवा भाग त्याने उचलला तर नफ्याचाही आठवा भाग त्याला मिळेल, अशी ही कलमे होती. ३० एप्रिलच्या दुसऱ्या सनदेने व्हाइसरॉयपदही वंशपरंपरेने देण्यात आले. ज्या दिवशी हे मान्य झाले त्या दिवशी पलीकडे काय आहे हे कोणालाच ठाऊक नव्हते. काही बेटे आणि एखादे व्यापारी ठाणे हाती लागेल, एवढ्याच अपेक्षेने दरबाराने शब्द दिला होता. पुढे सबंध खंड निघाले, तेव्हा हाच शब्द पाळणे राजसत्तेला परवडेनासे झाले, आणि पुढचा सगळा इतिहास या एका अडचणीतून निघाला.

दुसरा महत्त्वाचा कागद २२ फेब्रुवारी १४९८ चा आहे. राजदरबाराची आदल्या वर्षी मिळालेली परवानगी वापरून कोलंबसाने सेव्हिलमध्ये आपल्या हक्कांचे आणि मिळकतीचे एक अविभाज्य वतन बांधले. त्याची वाटणी होऊ शकत नव्हती, ते विकता येत नव्हते आणि ज्येष्ठ पुत्राकडे जाणार होते. ज्याच्याकडे ते जाईल त्याने इतर कितीही किताब मिळाले तरी सही मात्र 'अॅडमिरल' एवढीच करावी, असेही त्याने लिहून ठेवले. याच दस्तऐवजात आपला जन्म जेनोवाचा असल्याचे तो स्पष्ट सांगतो. त्यातले एक कलम पुढे फार महागात पडले. आपल्या खऱ्या वंशातला आणि आपले नाव लावणारा पुरुष येथे किंवा जगाच्या दुसऱ्या टोकालाही सापडत नसेल, तरच स्त्रीला वारसा मिळावा, अशी त्याची इच्छा होती. 'जगाच्या दुसऱ्या टोकाला' हे शब्द लिहिताना त्याला आपले इटलीतले भाऊबंद आठवत असावेत. ऐंशी वर्षांनी त्याच शब्दांच्या आधाराने इटलीतून दावेदार माद्रिदला येऊन उभे राहिले.

इ. स. १५०० मध्ये दरबाराने चौकशीसाठी पाठवलेल्या फ्रान्सिस्को दे बोबादिया याने हिस्पानिओला बेटावरच्या सांतो दोमिंगो येथे कोलंबसाला बेड्या घालून स्पेनला पाठवले. पुढे त्याची सुटका झाली, मानमरातब परत मिळाले, पण राज्यकारभार कायमचा गेला. निकोलास दे ओवांदो नवा गव्हर्नर म्हणून नेमला गेला. आपल्या हक्कांना धोका आहे हे ओळखून कोलंबसाने १५०२ मध्ये सर्व सनदांच्या प्रमाणित नकला करून घेतल्या आणि त्यांतल्या काही जेनोवाला पाठवल्या. दरबारावर विसंबून राहिलेल्या माणसाने आपले कागद परक्या नगरराज्यात ठेवायला द्यावेत, ही गोष्ट मला त्याच्या चारही सफरींइतकीच बोलकी वाटते. त्याच वर्षी तो चौथ्या सफरीवर निघाला, आणि १५०३ च्या आरंभी आजच्या पनामाच्या अटलांटिक किनाऱ्यावर, वेराग्वा नावाच्या प्रदेशात, त्याने सांता मारिया दे बेलेन ही वसाहत घातली. तेथे सोने होते, पण स्थानिक प्रमुख किबियान आणि त्याच्या लोकांनी असा प्रतिकार केला की काही महिन्यांतच ती सोडून द्यावी लागली. २० मे १५०६ रोजी वायादोलिद येथे कोलंबसाचा मृत्यू झाला. आपल्या वंशाच्या किताबाला याच फसलेल्या वसाहतीच्या प्रदेशाचे नाव मिळेल, याची त्याला कल्पनाही असणे शक्य नव्हते.

मुलगा दिएगो याने आल्बाचा ड्यूक या बड्या सरदाराची पुतणी मारिया दे तोलेदो हिच्याशी लग्न केले. या सोयरिकीच्या बळावर त्याला १५०८ मध्ये इंडिजचे, म्हणजे स्पेनच्या अमेरिकेतल्या प्रदेशांचे, गव्हर्नरपद मिळाले. पण ते राजाच्या मर्जीने मिळाले होते, कराराच्या हक्काने नव्हे. म्हणून त्याने राजसत्तेवरच दावा लावला. स्पेनच्या इतिहासात 'कोलोन घराण्याचे खटले' म्हणून जे प्रसिद्ध आहेत ते हेच; कोलोन हे कोलंबसाचे स्पॅनिश आडनाव. सरकारी वकिलाचे म्हणणे दुहेरी होते. सार्वभौम न्यायाधिकार कायमचा आणि वंशपरंपरेने देऊन टाकणे कॅस्टिलच्या कायद्यातच बसत नाही, हा एक मुद्दा. आणि दिलाच असला तरी कोलंबसाने स्वतः शोधलेल्या भागापुरताच तो लागू होतो, हा दुसरा. दुसरा मुद्दा सिद्ध करण्यासाठी पहिली सफर जिथून निघाली ते पालोस आणि आसपासची बंदरे यांतल्या खलाशांच्या साक्षी काढण्यात आल्या आणि खरे श्रेय त्या सफरीतला एक कप्तान मार्तिन आलोन्सो पिन्सोन याचे होते, हे दाखवण्याचा जोरदार प्रयत्न झाला. पहिल्या सफरीच्या माणसांबद्दल आज आपल्याला जे ठाऊक आहे त्याचा मोठा भाग या साक्षींतून आला आहे. मात्र प्रत्येक साक्ष कोणत्या पक्षाच्या प्रश्नावलीला दिलेले उत्तर आहे, हे पाहिल्याशिवाय ती कधीही उद्धृत करू नये.

१५११ मध्ये सेव्हिलला, १५२० मध्ये ला कोरुन्याला आणि १५३४ मध्ये दुएन्यासला निवाडे झाले. कधी घराण्याची सरशी झाली, कधी दरबाराची. दिएगो १५२६ मध्ये वारला तेव्हा त्याचा मुलगा लुइस अगदी लहान होता. यानंतरची सगळी लढाई मारिया दे तोलेदो यांनी लढवली, आणि माझ्या मते हा किताब घराण्यात आला तो कोलंबसापेक्षा या बाईंच्या चिकाटीमुळे. १५३० मध्ये त्या सांतो दोमिंगोहून स्पेनला आल्या, आणि दरबार जिथे मुक्काम करील तिथे त्यांनी आपले म्हणणे मांडत ठेवले. अखेर १५३६ मध्ये अमेरिकेतल्या वसाहतींचा कारभार आणि न्याय पाहणाऱ्या इंडिज परिषदेचे अध्यक्ष कार्डिनल गार्सिया दे लोआयसा यांच्या लवादाने तडजोड ठरली. व्हाइसरॉयपद आणि उत्पन्नाचा दहावा हिस्सा यांवरचा हक्क घराण्याने कायमचा सोडायचा. त्याच्या बदल्यात अॅडमिरलपद वंशपरंपरेने राहील, जमैका बेट जहागीर म्हणून मिळेल, वेराग्वात प्रत्येक बाजूला २५ लीग (अंतराचे जुने माप) भरेल एवढी चौरस जमीन मिळेल आणि दरवर्षी १०,००० डुकाट, म्हणजे त्या काळच्या छोट्या चलनात साडेसदतीस लाख माराबेदी, चालू राहतील. लुइसच्या बहिणींसाठीही पैशांची वेगळी तरतूद ठरली. १५३७ च्या जानेवारीत लुइस वेराग्वाचा ड्यूक झाला. जमैकाचा मार्क्विस हा किताबही याच तडजोडीतून आला.

येथे मराठी वाचकांना जवळचा असा एक पडताळा सांगण्यासारखा आहे. वास्को द गामालाही पोर्तुगालच्या राजाने वंशपरंपरागत अॅडमिरलपद दिले आणि १५१९ मध्ये तो विदिगेराचा काउंट झाला. त्याचा पणतू फ्रान्सिस्को द गामा पुढे गोव्यात दोनदा व्हाइसरॉय होता, आणि जुन्या गोव्यातली व्हाइसरॉयची कमान त्याच्याच काळातली आहे. पोर्तुगालच्या राजाने गामाला प्रदेशाच्या राज्यकारभाराचा वंशपरंपरागत हक्क मुळात कधी दिलाच नाही, म्हणून त्याच्या वारसांना मोठ्या नेमणुका देताना दरबाराला धास्ती वाटली नाही. कॅस्टिलने तो हक्क आधी देऊन टाकला होता, म्हणून तिथे तो पैसे, जमीन आणि किताब देऊन परत विकत घ्यावा लागला.

लुइसने जे मिळाले तेही राखले नाही. वेराग्वाची जमीन कागदावर त्याची होती. प्रत्यक्षात ती जिंकण्याचे प्रयत्न रोगराई, उपासमार आणि स्थानिकांचा प्रतिकार यांपुढे फसले. १५५६ मध्ये त्याने वर्षासनाच्या बदल्यात ती राजाला परत केली, आणि पुढच्या वर्षी त्याला ला वेगाचा ड्यूक हा आणखी एक किताब देण्यात आला. जमीन गेल्यावरही घराण्याने वेराग्वाचे नाव लावणे सोडले नाही. म्हणजे जन्मल्यापासून वीस वर्षांच्या आतच हा किताब प्रदेशापासून सुटा झाला. पहिली पत्नी हयात असताना पुन्हा लग्ने केल्याबद्दल लुइसवर खटला चालला, त्याला उत्तर आफ्रिकेतील ओरान येथे हद्दपार करण्यात आले आणि १५७२ मध्ये तो तेथेच वारला. त्याची मुलगी फेलिपा हिचे लग्न तिचा सख्खा चुलत भाऊ दिएगो याच्याशी लावून घराण्यातले दोन दावे एकत्र करण्यात आले. पण दोघेही निपुत्रिक गेले, आणि १५७८ मध्ये दिएगोच्या मृत्यूबरोबर कोलंबसाची औरस पुरुष शाखा संपली.

आता सुरू झालेला वारसा-खटला तीस वर्षे चालला आणि कायद्याच्या दृष्टीने तो सगळ्यात शिकण्यासारखा आहे. १५७८ मध्ये वारलेल्या दिएगोची बहीण फ्रान्सिस्का ही मुलाच्या शाखेतली, पण स्त्री. कोलंबसाची नात इसाबेल हिचा नातू नुन्यो हा पुरुष, पण मुलीच्या शाखेतला. आणि इटलीतल्या कुक्कारो गावचा बाल्दास्सारे कोलोंबो हा नावाने आणि पुरुष शाखेने दावा सांगणारा, पण कोलंबसाशी त्याचे नाते कितपत आहे हेच संशयास्पद. आणखीही दावेदार होते. प्रत्येकाने १४९८ च्या कागदातले आपल्याला सोयीचे कलम उचलले. काहींनी तो कागदच खरा नसल्याचे म्हटले. कोणी मूळ प्रत दडवली, पाने कोणी काढली, असे आरोप झाले. कोलंबस कोणत्या गावचा, त्याचा बाप कोण, हे प्रश्न इतिहासाच्या कुतूहलापोटी नव्हे तर वर्षासनाच्या वादापोटी विचारले जात होते. त्यामुळे जन्मगावाबद्दलच्या आजच्या अनेक वादांची मुळे या फायलींत सापडतात. जी मंडळी आज कोलंबसाच्या मूळ गावाबद्दल निरनिराळे सिद्धान्त मांडतात, त्यांनी हा खटला आधी वाचावा, असे मला कळकळीने वाटते. २ डिसेंबर १६०८ रोजी इंडिज परिषदेने नुन्योच्या बाजूने निकाल दिला, आणि किताब पोर्तुगालच्या राजवंशाशी रक्ताचे नाते असलेल्या, कोलोन दे पोर्तुगाल हे नाव लावणाऱ्या शाखेकडे गेला.

या शाखेबद्दल फार लिहिण्यासारखे नाही. ती बड्या पदांवर राहिली. तिच्यातला पेद्रो नुन्यो कोलोन दे पोर्तुगाल हा डिसेंबर १६७३ मध्ये मेक्सिकोचा व्हाइसरॉय झाला आणि पदभार घेतल्यावर आठवडाही न होता वारला. कोलंबसाच्या वंशजाला अमेरिकेच्या मुख्यभूमीवर व्हाइसरॉयपद मिळाले ते एवढेच, आणि तेही हक्काने नव्हे. दरम्यान १६५५ मध्ये इंग्रजांनी जमैका घेतले आणि १६७० च्या माद्रिदच्या तहाने स्पेनने त्यावर पाणी सोडले; जमैकाचा मार्क्विस हा किताब मात्र स्पेनमध्ये चालूच राहिला. १७३३ मध्ये पुरुष वारस संपला. त्याची बहीण कातालिना व्हेन्तुरा हिने बेर्विकच्या दुसऱ्या ड्यूकशी लग्न केलेले होते. हा ड्यूक म्हणजे इंग्लंडचा स्टुअर्ट वंशातला राजा दुसरा जेम्स याच्या अनौरस मुलाचा मुलगा. अशा रीतीने वेराग्वाचा किताब स्टुअर्ट रक्ताच्या घराण्यात गेला.

फ्रान्सिस्काच्या वंशजांनी मात्र १६०८ चा निकाल कधीच मान्य केला नव्हता. तिच्या शाखेतले कायदेपंडित मारियानो कोलोन दे लारेआतेगी यांनी बेर्विक घराण्याविरुद्धचा दावा शेवटपर्यंत नेला, आणि १७९० च्या दशकात किताब त्यांच्याकडे सोपवण्यात आला. जवळजवळ दोनशे वर्षांनी निकाल फिरावा, हे वाचकांना चमत्कारिक वाटेल; पण त्यामागे स्पॅनिश कायद्यातले एक पक्के तत्त्व आहे. किताबाचा वारस शेवटच्या धारकाचा वारस नसतो, तो मूळ संस्थापकाचा वारस असतो. त्यामुळे ज्याचे मूळ पुरुषापासूनचे नाते अधिक योग्य ठरेल तो, मधल्या कितीही पिढ्यांनी भोगवटा केलेला असला तरी, आपला 'अधिक चांगला हक्क' मागू शकत असे. ही मुभा अलीकडेपर्यंत अमर्याद होती. १९८० च्या दशकात स्पेनच्या सर्वोच्च न्यायालयाने चाळीस वर्षांचा अखंड भोगवटा पुरेसा मानायला सुरुवात केली, तेव्हा कुठे तिला मर्यादा आली. बेर्विक घराण्याने वेराग्वा गमावले, पण १८०२ मध्ये आल्बाचा किताब त्यांच्याकडे वारशाने आला. माद्रिदच्या लिरिया राजवाड्यात, म्हणजे आल्बा घराण्याकडे, कोलंबसाच्या हातची पत्रे कशी, असे पर्यटक नेहमी विचारतात. त्याचे उत्तर या सोयरिकीत आणि या खटल्यात आहे: किताब गेला, पण कागदांचा एक भाग मागेच राहिला.

एकोणिसाव्या शतकात खरा बदल कायद्याने केला. १८२० च्या आणि मग १८३६ मध्ये पुन्हा अमलात आलेल्या कायद्याने अविभाज्य वतने मोडीत निघाली. मिळकत वारसांत वाटता येऊ लागली, विकता येऊ लागली, आणि किताब केवळ नावापुरता उरला. सरंजामी न्यायाधिकारही याच सुमारास संपले. वेराग्वा घराण्याचे जुने वर्षासन क्यूबा आणि पोर्तो रिको यांच्या तिजोऱ्यांवर बसवलेले होते. १८९८ मध्ये ही बेटे अमेरिकेच्या हाती गेल्यावर त्याचा आधारही सुटला. त्या काळचे ड्यूक क्रिस्तोबाल कोलोन दे ला सेर्दा हे मंत्री होते, १८९३ च्या शिकागोच्या जागतिक प्रदर्शनाला अमेरिकन सरकारचे पाहुणे म्हणून गेले होते, आणि स्पेनमध्ये मात्र लढाऊ बैलांच्या पैदाशीसाठी ओळखले जात. आजही बैलझुंजीच्या जगात वेराग्वा हे नाव आधी बैलांच्या एका नामांकित वाणाचे म्हणून घेतले जाते. तो कळप पुढे विकला गेला आणि १९३० मध्ये दोमेक कुटुंबाकडे आला.

राजेशाही जाऊन आलेल्या स्पेनच्या दुसऱ्या प्रजासत्ताकाने १९३१ मध्ये सरदारकीच्या किताबांची कायदेशीर मान्यता काढून घेतली. १९३६ मध्ये यादवी युद्ध पेटल्यावर तत्कालीन अविवाहित ड्यूक क्रिस्तोबाल कोलोन इ आगिलेरा यांना माद्रिदमध्ये पकडून ठार मारण्यात आले. तोवर पूर्वजाचे नाव त्यांच्याइतके महागात कोणालाच पडले नव्हते. किताब पुन्हा स्त्रीशाखेतून कोलोन दे कार्वाहाल या घराण्याकडे गेला, आणि १९४८ च्या कायद्याने सर्व किताबांना परत मान्यता मिळाल्यावर त्यांच्याकडे तो नियमित झाला. त्या घराण्यातले ड्यूक क्रिस्तोबाल कोलोन दे कार्वाहाल इ मारोतो हे नौदलात व्हाइस अॅडमिरल होते. ६ फेब्रुवारी १९८६ रोजी एटा या सशस्त्र बास्क फुटीरतावादी संघटनेने माद्रिदमध्ये त्यांच्या गाडीवर हल्ला केला. त्यात ते आणि त्यांचे चालक दोघेही मृत्युमुखी पडले. आज किताब त्यांच्या पुत्राकडे आहे, आणि तेही नौदलातच अधिकारी होते.

आज त्याला किंमत काय, या प्रश्नाच्या शेवटच्या भागाचे उत्तर सरळ आहे. किताबाबरोबर जमीन येत नाही, पैसा येत नाही, न्यायालयात किंवा करात सवलत मिळत नाही. उलट वारसाने नाव लावण्यासाठी कर भरावा लागतो. धारक वारला की वारस आपोआप ड्यूक होत नाही. त्याला सरकारच्या न्याय खात्याकडे अर्ज करावा लागतो, अर्जाची सूचना शासकीय राजपत्रात छापली जाते, दुसरा दावेदार असल्यास त्याला हरकत घेता येते, आणि मग राजाच्या नावाने वारसापत्र निघते. स्पेनच्या संविधान न्यायालयाने १९९७ मध्ये किताब हा केवळ प्रतीकात्मक सन्मान असल्याचे कारण देऊन पुरुषांना मिळणारे प्राधान्य घटनाबाह्य ठरवण्यास नकार दिला होता. त्यानंतर संसदेने २००६ च्या कायद्याने ते प्राधान्य रद्द केले आणि ज्येष्ठ अपत्य, मग ते मुलगा असो वा मुलगी, वारस ठरवले. मला हा कायदा योग्य वाटतो. १४९८ मध्ये कोलंबसाने स्त्रीवारस जगाच्या टोकापलीकडे ढकलला होता. पण प्रत्यक्षात त्याचा वंश इसाबेल, फ्रान्सिस्का, कातालिना अशा स्त्रियांमधूनच पुढे आला, आणि मुळातला किताब तर मारिया दे तोलेदो यांनी भांडून मिळवला.

या विषयावर वाचन करणाऱ्यांसाठी एक व्यावहारिक सूचना. निरनिराळ्या याद्यांत ड्यूकचे क्रमांक जुळत नाहीत, म्हणून गोंधळून जाऊ नये. अॅडमिरलपदाची मोजणी कोलंबसापासून होते आणि ड्यूकपदाची लुइसपासून, त्यामुळे लुइस हा तिसरा अॅडमिरल पण पहिला ड्यूक असतो. काही यादीकार बेर्विक घराण्यातल्या धारकांना मोजतात, तर काही १७९० च्या दशकातल्या निकालानंतर त्यांचा हक्कच नव्हता असे धरून त्यांना वगळतात. म्हणून टिपण करताना क्रमांकावर विसंबू नये. पूर्ण नाव, आईकडचे आडनाव आणि मृत्यूचे वर्ष ही तिन्ही लिहून घ्यावीत, कारण कोलंबसाचे क्रिस्तोबाल हे नाव या घराण्यात इतक्या वेळा फिरून आले आहे की त्याशिवाय माणूस ओळखता येत नाही.